घर मुलाचं, गवत माझं

विहीणबाई, तुमचं गवत पिवळं पडलंय.

आधी हेच सांगते. मी फाटकातून आत आले की तुम्हीही पहिल्यांदा गवताचंच काढायचात. मी कशी आहे, बसमध्ये बसायला जागा मिळाली का, गुडघा काय म्हणतो, हे सगळं मागाहून. तर पिवळं पडलंय. मधे मधे पिवळंसुद्धा नाही, खाकी. तुम्ही गेलात त्या दिवशी माणसं केवढी आली! तुम्हाला ती बघून गर्व वाटला असता आणि गवताकडे बघून राग आला असता. सगळ्यांच्या चपला तिथेच, भाड्याच्या खुर्च्या तिथेच. दिवसकार्याला मांडव घातला, त्याच्या बांबूंना खड्डे तिथेच खणले. तेराव्याच्या आचाऱ्याने शेगडी नेमकी कुंपणाजवळच्या कोपऱ्यात मांडली, तुमच्या त्या कोपऱ्यात. मी त्याला म्हटलं, "अरे बाबा, तिकडं सिमेंटवर मांड ना." तर म्हणतो, "आजी, गवतच आहे, त्याला काय होतंय?"

मी तरी काय बोलणार? इतकी वर्षं तुम्हाला मीच हे म्हणत आले. गवतच हाय, त्याला काय होतंय.

बोलताना मी आमी-तुमी बोलते, लिहिताना तुमच्यासारखं लिहायला बघते. अक्षरं मी मोठेपणी एकटीनेच जुळवली, धाकट्या लेकाच्या पुस्तकांवरून आणि दुकानांच्या पाट्यांवरून, त्यामुळे कुठे चुकलं तर हसा. तुमचं हसणं बँकेत काउंटरच्या आतून बोलल्यासारखं असायचं, थोडं वरून. मला आधी त्याचा फार राग यायचा.

आपली पहिली ओळखच रागाची. माझ्या नंदाने आणि तुमच्या शैलेशने आपापलं ठरवलं आणि मग आपल्याला सांगितलं. ती कामोठ्याला क्लासमध्ये शिकवायची, तो तिथेच कुठेतरी. तुम्ही आमच्या गावात आलात तेव्हा तुमची साडी इस्त्रीची, आणि आमच्या गल्लीत विमानतळाच्या कामाची धूळ. हळदीला आमची धवलारीण लग्नाचे धवले गायला बसली. तुम्हाला त्यातला एक शब्द कळत नव्हता. तरी शेवटपर्यंत मांडी न घालता, खुर्चीवर बसून, मान डोलवत ऐकलंत. माझी जाऊ माझ्या कानात म्हणाली, "बग, विहिनीला खुर्ची लागते. सिंहासन!" मला वाटलं, तोरा आहे. तुमचे गुडघे तेव्हापासूनच वाकत नव्हते, हे कुणाला ठाऊक?

लग्नानंतर मी लेकीकडे यायला लागले. आणि यायला लागले म्हणजे काय, फाटकापर्यंत. आमच्यात लेकीला मूल होईस्तोवर आईने तिच्या घरचं पाणीसुद्धा प्यायचं नसतं. माझ्या आईने माझ्या घरी तसंच केलं. माझा थोरला झाला, तेव्हा कुठे तिने माझ्या हातचा पेला तोंडाला लावला. आणि ती सांगायची, जी आई हे मोडते तिच्या लेकीची ओटी भरायला उशीर होतो. खरं-खोटं देवाला माहीत. पण आईने सांगितलेलं मोडायचं धाडस कुठल्या लेकीला असतं? मी घरून पाण्याची बाटली भरून आणायची. तुमचं अंगण तेव्हा नुसता मुरूम होता, टणक, त्यावर शैलेशची स्कूटर. मी फाटकाशी उभी राहून माझ्या बाटलीतलं पाणी प्यायची, नंदाशी बोलायची, तुमच्याशी दोन शब्द, आणि परत. तुम्ही आतून बोलवायचात, मी नाही म्हणायची. एकदा तुम्ही खिडकीतून माझ्याकडे बघत उभ्या होतात, बराच वेळ. मला वाटलं, आता ही आपल्याला अडाणी म्हणणार.

तुम्ही काहीच म्हणाला नाहीत. पुढच्या उन्हाळ्यात मी आले तर मुरूम गायब. लाल माती, शेणखत, आणि वर नर्सरीवाल्याची माणसं गवताच्या गुंडाळ्या उलगडतायत, सतरंजी घालावी तशा. मी वाकून एक पातं चिमटीत धरलं, कांडं बघितलं आणि मला हसू आवरेना.

"विहीनबाय, ही तं हरळी!"

"लॉन आहे ते," तुम्ही म्हणालात. नर्सरीवाल्याने काहीतरी लांबलचक इंग्रजी नाव सांगितलं होतं, तेही तुम्ही म्हणून दाखवलंत.

"नाव काय बी ठेवा. आमी भाताच्या खाचरातनं ही उपटून उपटून बांधावर टाकली, सासू मेली ती हिलाच शिव्या देत. अन् तुमी ही इकत आनली?"

"गणपतीला याच दूर्वा वाहता ना?"

"एकवीस वाहतो. अंगनभर नाय!"

तुम्हाला सांगते, माझं माहेर मिठागरांचं. तिथे गवताचं पातं उगवत नसे. सासर भातशेतीचं, तिथे गवत म्हणजे वैरी. त्यामुळे गवत कुणी मुद्दाम लावतं, त्याला पाणी पाजतं, त्याचे केस कापतं, हे माझ्या डोक्यात शिरेना. आता आमचं खाचरही राहिलं नाही. तिथून मोठा रस्ता गेला, आणि डोक्यावरून विमानं जातात. धाकटा जासईला कंटेनरच्या गोदामात कामाला जातो. त्याला हरळी दाखवली तर ओळखायचा नाही.

तर त्या वैशाखातच ते झालं. बारा वाजता मी बसमधून उतरले. वाटेत बाटली एका म्हातारीला दिली होती, तीही माझ्यासारखीच तळमळत होती. तुमच्या फाटकाशी आले आणि डोळ्यांपुढे काजवे. नंदा क्लासला गेली होती. तुम्ही लगबगीने बाहेर आलात, हातात पाण्याचं फुलपात्र.

"घ्या."

"नको."

"अहो, चक्कर येतेय तुम्हाला."

"येऊ दे. माझ्या आयनं नाय मोडलं, मी नाय मोडनार."

तुम्ही फुलपात्र धरून उभ्या. मला वाटलं, आता चिडणार. तुम्ही घराकडे बघितलंत, खाली बघितलंत, आणि काउंटरच्या आतल्या आवाजात विचारलंत, "हे घर कुणाचं?"

"जावयाचं."

"बरोबर. कागद शैलेशच्या नावाचे. आणि हे गवत कुणाचं?"

"गवताचं काय इचारता? तुमचंच खूळ."

"मग झालं तर. घर मुलाचं, गवत माझं. माझ्या गवतावर बसा, माझं पाणी प्या. तुमच्या लेकीचा यात काही संबंध नाही."

मी तशा घेरीतही वाद घातला. "अन् फुलपात्र? ते लेकीच्या घरचंच ना?"

"माझ्या लग्नातलं आहे. माहेरचं. नाव कोरलंय, वाचा."

मी वाचलं. ठिपक्याठिपक्यांनी कोरलेलं तुमचं माहेरचं नाव, एकेक अक्षर. तुम्ही तेवढा वेळ फुलपात्र माझ्या डोळ्यांपुढे धरून उभ्या होतात. मग मी बसले. गवत अजून धड रुजलं नव्हतं, खालची माती ओली, गार. पाण्याला वाळ्याचा वास होता. मी घटाघट प्याले आणि दुसरं मागितलं.

"गवत पान्यात बी घालता काय?" मी म्हटलं. वाळा म्हणजे तरी काय, गवताचीच मुळी.

"सगळीकडे घालते," तुम्ही म्हणालात आणि प्लॅस्टिकची खुर्ची ओढून कडेला बसलात.

त्यानंतर मी तुमच्याकडे जेवायलाही लागले. ताट बाहेर यायचं. दुपारनंतर शेजाऱ्यांच्या आंब्याची सावली यायची, त्यात मी गवतावर, तुम्ही खुर्चीवर, नंदा पायरीवर. आमच्या गावात मी सांगायची, विहिणीच्या बागेत जेवते. आठवा, माझ्या जावेने किती विचारलं होतं, केवढी बाग आहे? मी म्हटलं, लई मोठी. दोन म्हशी बसतील एवढी होती ती.

आणि वर्षं गेली. नंदाला मूल नाही. पहिल्यांदा आपण म्हणायचो, होईल. मग म्हणायचं बंद केलं. डॉक्टर झाले, त्यांच्या गोळ्या झाल्या, नंदाचा चेहरा दर महिन्याला कसा व्हायचा ते तुम्ही जवळून बघितलंत, मी लांबून. तुम्ही तिला एक शब्द कधी बोलला नाहीत. मी वाट बघायची, बोलतील, आता बोलतील. सासू आहे, कधीतरी तोंडातून जाईलच. नाही गेला. हळदीकुंकवाला त्या बाजूच्या काळेबाई म्हणाल्या, "गवत वाढवण्यापेक्षा घरात काहीतरी वाढलं असतं तर." नंदा ताटात तिळगूळ घेऊन उभी होती. तुम्ही डोळ्याची पापणीसुद्धा न हलवता म्हणालात, "तुमच्या नातवाने परवा या गवतावर सायकल घातली. आधी त्याला वळण लावा, मग वाढवण्याचं बोलू." सगळ्या बायका खाली बघायला लागल्या. मी मात्र तुमच्याकडेच बघत राहिले. त्या दिवशी तुमचा राग माझ्या मनातून पुरता गेला. हे मी तुम्हाला कधी सांगितलं नाही. विहिणीला असं सांगायची पद्धत नाही. विहिणीला टोमणा मारायचा असतो, तर मी म्हटलं, "तुमचं गवत लई वाढलं, कापा." तुम्हाला कळलं असेल. नसेल कळलं तर आता कळो.

आपलं भांडण मात्र खरं होतं आणि ते संपलं नाही. पाण्याचं. उन्हाळ्यात नळाला एक दिवसाआड पाणी, आणि तुम्ही रोज संध्याकाळी त्या गवताला थोडं थोडं शिंपायचात. फिल्टरचं वाया जाणारं पाणी बादलीत धरायचं, तांदूळ धुतलेलं धरायचं, आणि हाताने शिंपडायचं, देवावर शिंपडल्यासारखं. मी म्हणायची, "रोज घोटभर पाजू नका. मुळी वरवरच राहते, ऊन लागलं की मरते. आठवड्यात दोनदा पाजा, पण पोटभर, सकाळच्याला. अन् वैशाखात कापू नका, वाढू द्या, त्याची त्याला सावली होते." त्यातलं कापायचं तुम्ही ऐकलंत. पाण्याचं नाही.

"तहान रोज लागते," तुम्ही म्हणायचात. "आठवड्यातून दोनदा कुणाला लागते?"

"गवताला!"

"तहानेचं तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळतं, हे मान्य," असं म्हणून तुम्ही माझ्या हातातल्या फुलपात्राकडे बघायचात, आणि मी ते परत भरायला पुढे करायची.

पण भांडणात कडी केलीत ती राबाच्या वेळी. आमच्याकडे पेरणीच्या आधी, वैशाखातच, रोपं टाकायच्या जागेवर पालापाचोळा, शेण, वाळकं गवत पसरून जाळतात. राब भाजतात म्हणतात त्याला. जमीन भाजली की रोप जोमाने येतं. मी तुम्हाला हे गवतावर बसून किती रंगवून सांगितलं होतं, धूर कसा गावभर तरंगतो, रात्री सगळ्या शिवारात निखारे कसे दिसतात. तुम्ही नुसतं ऐकून घेत होतात, असं मला वाटलं. पुढच्या खेपेला मी कोपऱ्यावरून वळले तर तुमच्या बंगल्यातून धूर! मी गुडघा विसरून पळाले. बघते तर तुम्ही गाउनवर ओढणी गुंडाळून, हातात ओलं गोणपाट, आणि कुंपणाजवळचा कोपरा धुमसतोय. बदामाची पानं, होळीच्या उरलेल्या गोवऱ्या. शेजारचे सोसायटीचे सेक्रेटरी भिंतीवरून डोकावून ओरडत होते.

"काय पेटवलंय काय?"

"राब भाजतेय," तुम्ही म्हणालात.

"परवानगी घेतलीत का?"

"शेतीला परवानगी लागत नाही."

मी म्हटलं, "अवो बाय माजे! राब भाजतात तो गवत मरावा म्हनून! हरळीचा बी जळावा म्हनून! तुमी तं तुमचंच गवत मारायला बसल्या!"

तुमचा चेहरा! मी तो जन्मभर विसरणार नाही. बँकेतल्या इतक्या वर्षांच्या नोकरीत एक रुपया इकडचा तिकडे न झालेली बाई, आणि स्वतःच्या हाताने स्वतःचं गवत जाळलं. तुम्ही गोणपाट टाकलंत, खुर्चीवर बसलात, आणि मग इतक्या हसलात की सेक्रेटरी घाबरून आत गेले. मीही हसले. नंदा घरी आली तर दोघी काळ्या तोंडाने रडेपर्यंत हसतोय.

आणि पावसाळ्यात तोच कोपरा सगळ्यात हिरवा आला. तुम्ही म्हणालात, बघा, राब. मी म्हटलं, राब नाय, हरळी हाय ती, तिची मुळी हातभर खाली जाते, वरून जाळली तरी मरत नाय, आमच्या सात पिढ्या मारून थकल्या. तुम्ही म्हणायचात शेतकऱ्याचं ज्ञान, मी म्हणायची गवताचा चिवटपणा. मी तुमच्या बाजूने, तुम्ही माझ्या बाजूने, असं ते उलटंच भांडण. त्याचा निकाल लागला नाही. आता त्याच कोपऱ्यावर आचाऱ्याची शेगडी होती, आणि तिथे तव्याएवढा काळा डाग पडलाय. या खेपेला काय होतंय ते मला एकटीला बघावं लागणार.

अक्षय्य तृतीयेला तुम्ही नवा माठ आणलात, तोच आता स्वयंपाकघरात पाझरतोय. त्यानंतरच्या रविवारी मी आले होते. तुम्हाला धाप लागत होती, पण तुम्ही ते उन्हावर ढकललंत. खुर्चीतून गवताकडे बघत म्हणालात, "या वर्षी वाचेल का हो हे?"

"गेलं तं गेलं. हरळी हाय. येल परत."

"मी नसले तर तुम्ही बघाल?"

"मी? मी तं उपटून टाकीन."

तुम्ही हसलात. त्याच आठवड्यात दुपारी जेवून आडव्या झालात आणि उठलाच नाहीत. नंदाचा फोन आला, ती नुसती श्वास घेत होती, आणि मला कळलं.

तेव्हापासून मी इथेच आहे. नंदाने जाऊ दिलं नाही. झोपते आत, तुमच्या खोलीत. जेवते गवतावर. मांडव होता तोवर कुणाच्या लक्षात आलं नाही, सगळेच बाहेर जेवत होते. मांडव निघाला आणि मी भर उन्हात त्या पिवळ्या गवतावर ताट घेऊन बसायला लागले. शैलेश मला मामी म्हणतो, तो म्हणाला, "मामी, आत पंख्याखाली बसा ना." मी म्हटलं, "हितंच बरं वाटतं." पण विहीणबाई, पहिल्याच घासाला मी थांबले. घर मुलाचं, गवत माझं, असं तुम्ही म्हणाला होतात. तुम्ही नाहीत, मग हे गवत आता कुणाचं? मी कुणाच्या जागेवर बसलेय?

आणि परवा संध्याकाळी शैलेश फोनवर बोलत बाहेर आला. फोन ठेवला आणि मला म्हणाला, "मामी, पावसाच्या आत इथे पेव्हर ब्लॉक घालून घेतो. गाडी आत लागेल. चिखल नाही, काही नाही. तसंही आता आईसारखं कोण बघणार हे?"

त्याचं काही चुकलं नाही. खाकी गवताकडे बघितलं की त्याला तुम्ही दिसत असणार, रोज सकाळी कामावर निघताना. मला कळतं. आणि जावयाच्या घरात सासूने कशावर बोलायचं? मी बादली उचलली आणि मांडवाच्या खड्ड्यांत माती टाकत राहिले. 

नंदा पायरीवर होती. ती एरवी नवऱ्यासमोर आवाज चढवत नाही, तुम्हाला माहीत आहे. ती एकदम म्हणाली, "आणि माझी आये जेवणार कुठे?"

"म्हणजे?"

"म्हणजे काय म्हणजे? इतकी वर्षं तिला आत जेवताना बघितलंय तुम्ही कधी? एकदा तरी? पाणी पिताना?"

शैलेश आठवायला लागला. माणूस खरंच आठवत होता, कपाळाला आठ्या घालून. "मला वाटायचं, मामींना उघड्यावर आवडतं. शेतातली सवय."

"शेतातली सवय!" नंदाला हसू आलं आणि तिथूनच रडू. मग तिने सगळं सांगितलं. बाटली, फाटक, फुलपात्र. मी तिला गप्प बस म्हणून खुणा करत होते, ती ऐकेना. शैलेश फोन खिशात घालून आत गेला. जेवलाही नाही.

काल सकाळी ऊन चढायच्या आत मी पाइप धरून उभी होते. तो बनियनवर बाहेर आला, तुमची प्लॅस्टिकची खुर्ची ओढली, तुम्ही ठेवायचात तिथेच, कडेला, आणि बसला. मग म्हणाला, "मामी, आईला गुडघे वाकवून खाली बसता यायचं नाही."

"नाय यायचं."

"पाणी शिंपण्यापलीकडे ती या गवतावर कधी आली नाही. पाय मुरगळेल म्हणायची. कापायला माणूस आला की शिंका येतात म्हणून खिडक्या लावून घ्यायची."

"व्हय."

"मग तिने हे कुणासाठी लावलं?"

मी पाइप कोपऱ्याकडे वळवला. विहीणबाई, हा प्रश्न मीही तुम्हाला विचारायचा ठेवला होता. दर वर्षी ठेवला. विचारला असता तर तुम्ही म्हणाला असतात, चाळीत वाढले, पायाखाली माती नव्हती, हौस होती. आणि ते खरंही असेल. म्हणून विचारलं नाही. खिडकीतून त्या दिवशी तुम्ही माझ्या बाटलीकडे बघत होतात, एवढंच मला पुरायचं.

"मना नाय ठाव," मी त्याला म्हटलं. "इचारायचं ऱ्हायलं."

तो खुर्चीवरून उतरला आणि खाली बसला, ओल्यात, बनियनवर. "हे मेलंय का?"

मी त्या जळलेल्या कोपऱ्याशी वाकले, वरचं वाळकं बाजूला केलं, नखाने माती उकरली. मग कांडं ओढलं. पांढरं निघालं, टच्च. नखाने मोडलं तर आत ओल. त्याच्या तळहातावर ठेवलं. "जित्ती हाय. आमच्या सात पिढ्या मारून थकल्या."

त्याने ते कांडं परत मातीत खोचलं, उलटं. मी सुलट केलं. पेव्हरवाल्याला त्याने तिथूनच फोन लावला. गाडीच्या चाकांपुरत्या दोन पट्ट्या घालणार, म्हणतोय, फाटकापासून. बाकी राहू दे. त्या पट्ट्यांत थोडं गवत जाईल, विहीणबाई, तेवढं तुम्ही सोसा. कोपरा शाबूत आहे.

म्हणजे माझी जागा राहिली. मला आनंद व्हायला हवा होता, झालाही. नंदा चहा घेऊन बाहेर आली, सवयीने गवतावर माझ्यापुढे ठेवला, आणि उभीच राहिली. शैलेश अंघोळीला गेला होता. ती हळूच म्हणाली, "आये, आता काही व्हायचं नाही. मला माहीत आहे. तुला माहीत आहे. आईंना तर केव्हाच माहीत होतं."

मी कप उचलला आणि परत गवतावर ठेवला.

"मग तुला बाहेर का बसवत होत्या? तुझी आशा मोडू नये म्हणून. त्यांनी मोडली नाही, मीही मोडणार नव्हते. पण आता मला घरात कुणीतरी हवंय गं. रिकामं वाटतं आत."

बघा, किती सरळ बोलली. तुमच्याच हाताखाली शिकली. मी तुमच्याकडे बघायला मान वळवली, सवयीने, आणि खुर्ची रिकामी. मला वाटत होतं, मी पाणी प्याले की लेकीची ओटी मीच बंद करीन. आणि ती तर पदर पसरूनच उभी होती, माझ्यासाठी.

मी उठले. गुडघ्यावर हात टेकून, हळूहळू. पायरी चढले, चपला काढल्या, स्वयंपाकघरात गेले. माठावर तुमचं फुलपात्र पालथं होतं. नंदा भरून द्यायला पुढे आली, मग थांबली, आणि मग तिनेच भरलं. लेकीच्या हातचं पाणी. वाळ्याचा तोच वास. मी उभ्याने नाही प्याले, खाली बसले, भिंतीला टेकून, पंख्याखाली. नंदा माझ्यासमोर मांडी घालून बसली आणि मला पिताना बघत राहिली, मी तिला लहानपणी दूध पिताना बघायची तशी.

तळाशी एक घोट ठेवला. तो घेऊन बाहेर आले. माझ्या हिशेबाने सकाळीच पोटभर पाजलं होतं, आणखी घातलं तर मुळी वरवर राहते. सगळं माहीत आहे मला. तरी तुमच्या कोपऱ्यात, त्या काळ्या डागावर ओतलं. सर्रकन आत गेलं.

बरोबर होतं तुमचं. तहान रोज लागते. आजही एक घोट ओतून आले, विहीणबाई. उद्या परत ओतीन.